कणकेची बाहुली : राही अनिल बर्वे यांच्या भयपटातला विनोद

मराठी प्रेक्षकाला पडद्यावरचा भुताटकीचा बाहुला म्हटले की तात्या विंचू आठवतो. महेश कोठारे यांचा 'झपाटलेला' १९९३ साली आला. मरणारा गुंड मंत्राच्या जोरावर बाहुल्यात शिरतो ही कल्पना १९८८च्या 'चाइल्ड्स प्ले' या अमेरिकी चित्रपटातली. पण रामदास पाध्ये यांनी घडवलेला बाहुला, दिलीप प्रभावळकरांचा तात्या आणि लक्ष्मीकांत बेर्डे यांचा लक्ष्या यांच्यामुळे तो पुरता मराठी होऊन गेला. त्याआधी 'एक डाव भुताचा' (१९८२) मध्ये अशोक सराफांचे भूत होते, नंतर 'पछाडलेला' (२००४) मध्ये वाड्यातली भुते आली. या सगळ्या चित्रपटांत एक अलिखित करार असे. भूत घाबरवणार, आणि घाबरून झाले की लगेच कोणीतरी धडपडणार, कोणाची तरी बोबडी वळणार, थिएटर हसणार. हसू हा भीतीवरचा उतारा. पोरांना घेऊन जाता येईल असा हा भयपट होता, आणि तो वाईट होता असे मी मुळीच म्हणणार नाही. 'झपाटलेला' टीव्हीवर लागला की अजूनही घरातले कोणी उठून जात नाही.

२०१८ साली दुसरी एक बाहुली पडद्यावर आली. ती कणकेची आहे, बोलत नाही, कोणाच्या अंगावर धावून जात नाही. एक माणूस ती पिशवीत घालून विहिरीत उतरतो. खाली जमीन नाही, मांसल, ओलसर भिंतींचे गर्भाशय आहे. तिथे तो पिठाचे रिंगण आखतो, रिंगणात बसतो आणि बाहुली पुढे करतो. वरून लाल अंगाचा एक भुकेला देव कोसळतो आणि बाहुलीवर तुटून पडतो. तो खाण्यात गुंतलेला असताना हा माणूस त्याच्या लंगोटाला हिसके देतो, त्यातून सोन्याच्या मुद्रा पडतात, त्या गोळा करून तो दोराला धरून वर पळतो. मग पैसे संपेपर्यंत घरी, आणि संपले की पुन्हा बाहुली.

देवाच्या लंगोटाला हात घालून प्रपंच चालवणारा ब्राह्मण गृहस्थ! नुसते सांगितले तर हा तमाशातल्या वगाचा विषय वाटेल. 'तुंबाड'मध्ये तो भयपटाचा गाभा आहे, आणि त्यातले हास्य कुठेही उतारा म्हणून येत नाही. राही अनिल बर्वे यांच्या कामाचा विचार करताना मला महत्त्वाची वाटते ती हीच गोष्ट. त्यांच्याकडे भय आणि विनोद आळीपाळीने येत नाहीत. भुताशी माणसाने व्यवहार सुरू केला, त्याची वेळ, त्याचा माल, त्याची जोखीम यांचा हिशेब मांडला, की त्या हिशेबीपणातच दोन्ही एकदम उभे राहतात. आपल्याकडच्या समीक्षेने 'तुंबाड'ची दृश्ये, पाऊस, वाडा यांचे कौतुक भरपूर केले. या कोरड्या, काहीशा कुजकट विनोदाकडे मात्र तिचे फारसे लक्ष गेले नाही.

बर्वे यांचे घराणे सांगायला हवे, कारण ते केवळ चरित्रातला तपशील म्हणून उरत नाही. वडील अनिल बर्वे म्हणजे 'थँक यू मिस्टर ग्लाड' आणि 'हमिदाबाईची कोठी'चे लेखक. फाशीची वाट पाहणारा नक्षलवादी कैदी आणि त्याच्यावर सत्ता गाजवणारा तुरुंगाधिकारी यांच्यातल्या झटापटीतून त्यांनी जे नाट्य काढले त्यात फासाच्या सावलीतला तिरकस विनोद होता. अनिल बर्वे तरुणपणीच गेले. आईकडून राही हे शाहीर अमर शेख यांचे नातू. एका बाजूला संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात लाखोंच्या सभा आवाजाने भारून टाकणारा शाहीर, दुसऱ्या बाजूला सत्तरच्या दशकातला अस्वस्थ नाटककार. आणि तिसऱ्या पिढीत हावेवरचा भयपट. शोषणाविषयी बोलायचे, पण व्यासपीठावरून नाही, तळघरातून बोलायचे, अशी ही वाटचाल आहे.

तळघरापर्यंत पोचायला त्यांना एकवीस वर्षे लागली. १९९३ साली मित्राने त्यांना नारायण धारपांची एक कथा सांगितली. १९९७ साली, वयाच्या अठराव्या वर्षी, त्यांनी पहिला मसुदा लिहिला. मध्ये २००८ साली 'मांजा' हा लघुपट आला. फुटपाथवर वाढणारा मुलगा, त्याची धाकटी बहीण आणि त्यांच्या वाट्याला आलेला पोलीस शिपाई यांची ती निर्दय गोष्ट डॅनी बॉईल यांना इतकी भावली की 'स्लमडॉग मिलिऑनेअर'च्या ब्लू-रे आवृत्तीत तिला जागा मिळाली. पुढे २००९-१०च्या सुमारास बर्वे यांनी 'तुंबाड'ची सातशे पानांची चित्रसंहिता काढली. एकामागून एक सात निर्मितिसंस्था आल्या आणि गेल्या. २०१२ साली चित्रीकरण झाले, संकलनानंतर ते पसंत पडले नाही, पुन्हा लिहिले, पुन्हा चित्रित केले. २०१५च्या मेमध्ये ते काम संपले. खरा पाऊस हवा म्हणून पावसाळ्यांची वाट पाहिली गेली. सासवडच्या पुरंदरे वाड्याने पडद्यावरचा वाडा पुरवला. २०१८ साली व्हेनिस महोत्सवाच्या समीक्षक सप्ताहाची सुरुवात या चित्रपटाने झाली, आणि १२ ऑक्टोबरला तो आपल्याकडे लागला.

धारपांची ती कथा म्हणजे 'आजी'. तिचे मूळ स्टीफन किंग यांच्या 'ग्रामा' या कथेत आहे: घरात एकटा मुलगा आणि पलीकडच्या खोलीत भयंकर म्हातारी. धारप परक्या भयकथा मराठी घरात आणून बसवत असत, आणि बसवताना त्यांचे ओसरी-माजघर असे काही बेमालूम जुळत असे की वाचकाला मूळ शोधावेसेच वाटत नसे. 'तुंबाड'चा पहिला भाग याच परंपरेतला आहे. शीर्षक श्री. ना. पेंडसे यांच्या 'तुंबाडचे खोत' या कादंबरीवरून घेतलेले, देवाचे नाव हस्तर. त्या नावात अँब्रोज बिअर्स यांच्यापासून लव्हक्राफ्टपर्यंत पाश्चात्त्य भयकथेत फिरत राहिलेल्या 'हस्टर'चा पडसाद आहे. म्हणजे जगबुडी नदीकाठचे खोत, पुण्याचे धारप, अमेरिकेचे किंग. या उसनवारीबद्दल नाक मुरडणारे लोक मला भेटतात. त्यांना मी एवढेच सांगतो की चित्रपटातला जो भाग कोणाकडूनही घेतलेला नाही, तो पहिल्या प्रकरणानंतर सुरू होतो. 'ग्रामा'तली म्हातारी भयंकर आहे, पण तिच्यापासून कोणाला उत्पन्न नाही.

१९१८ सालच्या पहिल्या प्रकरणातही हा व्यवहार आहेच. विनायकाची आई गावच्या म्हाताऱ्या सरकारची सेवा करते, शरीरानेसुद्धा, आणि आशा एकाच मुद्रेची. तीच साखळदंडातल्या म्हातारीला वेळेवर जेवण पोचवते. हे जेवण पोचवणे बर्वे कसे दाखवतात ते पाहण्यासारखे आहे. ते एक घरकाम आहे. कंटाळवाणे, रोजचे, टाळता न येणारे. आजारी सासूचे करावे तसे त्या राक्षशिणीचे करायचे. मग एका रात्री धाकटा मुलगा जखमी होतो, आई त्याला घेऊन गाडीतून निघते आणि हे घरकाम थोरल्यावर सोपवते. म्हातारीला झोपवायला हस्तरचे नाव घ्यायचे असते, आणि ऐन वेळी मुलगा नेमके तेच विसरतो. प्राणावर बेतलेले असताना धडा न आठवणारा विद्यार्थी! आपण श्वास रोखून धरतो, आणि त्याच वेळी आपल्याला शाळा आठवते.

पंधरा वर्षांनी विनायक परत येतो तेव्हा म्हातारीच्या अंगातून झाड उगवलेले आहे आणि तिचे हृदय अजून धडधडते आहे. इथे सामान्य भयपट किंकाळी फोडेल. विनायक घासाघीस करतो. खजिन्याचा मार्ग सांग, मी तुला जाळून मोकळी करतो. दोघांनाही सौदा पटतो. या माणसाला भीती वाटत नाही असे नाही. ती त्याने खर्चाच्या बाजूला मांडून ठेवली आहे. सोहम शाह यांनी हा विनायक केला आहे, तो कपाळावर आठी, मिशीला पीळ आणि पायांत सतत घाई असलेला माणूस म्हणून. प्रवासी विक्रेत्यासारखा तो पुणे-तुंबाड फेऱ्या मारतो. मुद्रा एकदम बाजारात आणत नाही, थोड्या थोड्या राघव सावकाराकडे मोडतो. राघव हा दीपक दामले यांनी रंगवलेला सावकार मला या चित्रपटातले सर्वांत विनोदी पात्र वाटते. त्याला प्रश्न एकच पडला आहे: माल येतो कुठून? देव, शाप, गर्भाशय यांतले काहीही त्याच्या डोक्यात नाही. पुरवठादाराला वगळून थेट उगमाशी जावे हा कोणत्याही दलालाला सुचणारा विचार तो करतो, आणि तो विचार त्याला हस्तरच्या मिठीत नेऊन पोचवतो.

तिसऱ्या प्रकरणात धंदा वारसाहक्काने पुढे जातो. विनायक आपल्या मुलाला, पांडुरंगाला, तयार करतो. दोर कसा धरायचा, किती वेळात वर यायचे, याची तालीम होते. बाप मुलाला दुकानावर बसवतो तसाच हा प्रकार. पहिल्या सरावफेरीत पोरगा गुपचूप बाहुली घेऊन उतरतो आणि दोघांचाही जीव जायची वेळ येते. नवशिक्या उमेदवाराचा आगाऊपणा, फक्त चुकीची किंमत जरा जास्त. पुढे स्वातंत्र्यानंतर वाडा सरकारजमा व्हायची पाळी येते तेव्हा धंदा वाढवण्याची सूचनासुद्धा मुलाकडूनच येते. दर खेपेला चार मुद्रा कशाला, अख्खा लंगोटच ओढून आणू. हस्तरला गुंतवायला भरपूर बाहुल्या नेऊ. हिशेब चोख आहे. फक्त एका बाहुलीमागे एक हस्तर येतो, हे गणितात धरायचे राहून गेले. मोहम्मद समद या मुलाने पांडुरंग केला आणि ती म्हातारीही त्यानेच केली, हे कळल्यावर माझे हसू जरा लांबले. घराण्याचा आरंभ आणि शेवट एकाच नटाच्या अंगावर.

हा लेख मी हट्ट्यात बसून लिहितो आहे. हिंगोली जिल्ह्यातले, वसमत तालुक्यातले हे गाव कोकणापासून पावसाच्या आणि बोलीच्या दोन्ही बाबतींत लांब आहे. इथून पाहताना चित्रपटातल्या काही गोष्टी वेगळ्या दिसतात. स्वातंत्र्याचे १९४७ साल हे त्यातले एक. आमच्याकडे ते निजामाच्या राजवटीत गेले आणि सुटका झाली १७ सप्टेंबर १९४८ला. दुसरी गोष्ट पाऊस. तुंबाडवर देवांचा शाप आहे तो न थांबणाऱ्या पावसाचा. आभाळाकडे डोळे लावून बसण्यात पिढ्या गेलेल्या मुलखाला हा शाप ऐकून आधी हसूच येते. अर्थात अलीकडे अतिवृष्टीत उभे सोयाबीन सडताना पाहिल्यावर तो तितका परका राहिलेला नाही.

पण हस्तर मराठवाड्याला नीट कळतो तो पिठामुळे. चित्रपटाची पुराणकथा अशी आहे: समृद्धीच्या देवीला तिचा पहिला मुलगा सर्वांत लाडका. त्याला आईचे सोने हवे होते आणि धान्यही. सोने त्याने मिळवले. धान्याला हात घालताच बाकीचे देव त्याच्यावर तुटून पडले. आईने त्याला वाचवले, पोटात लपवले, अट एवढीच की त्याची कोणी पूजा करणार नाही. म्हणजे हस्तर हा कमरेला खजिना बांधून युगानुयुगे उपाशी बसलेला देव आहे. १९७२च्या दुष्काळात खडी फोडून सुकडी आणि मिलोवर दिवस काढलेली माणसे अजून आमच्यात आहेत. पैसा असून दाणा न मिळणे ही त्यांच्या लेखी कल्पना नाही. त्या देवाची कणकेच्या गोळ्यावरची झडप पाहताना किळस यावी अशी चित्रपटाची अपेक्षा असेल. मला प्रत्येक वेळी थोडी कणवही वाटत आली आहे. विनायक रोज जेवतो. त्याच्या पिशवीत आमिष म्हणून असलेली वस्तू समोरच्याचे अन्न आहे. भुकेल्याच्या भुकेवर धंदा करणाऱ्यालाच आम्ही सावकार म्हणतो, आणि त्या अर्थाने चित्रपटातला खरा सावकार राघव नव्हे.

दिवाळी अंकात लिहितो आहे म्हणून आणखी एक. जमिनीखाली ढकललेला, देवांनी हरवलेला आणखी एक राजा आपल्या घरोघर आहे. बलिप्रतिपदेला आपण त्याच्या राज्याची आठवण काढतो. दसऱ्याला ब्राह्मणांच्या घरी कणकेचा बळी करून त्याची विटंबना होत असे, हे जोतीराव फुल्यांनी 'गुलामगिरी'त (१८७३) नोंदवून ठेवले आहे. यज्ञात खऱ्या पशूऐवजी पिठाचा पशू, म्हणजे पिष्टपशू, वापरण्याची चालही जुनी. कणकेच्या आकृतीत जीव मानायचा आणि मग तिचे हवे ते करायचे, हे आपल्या संस्कृतीला चांगले ठाऊक आहे. बर्वे यांनी बळीचा विचार केला होता असा माझा दावा नाही. चित्रपटात त्याचा उल्लेखही नाही. पण बळी आणि हस्तर शेजारी ठेवून पाहिले की हस्तर हा उलटा बळी दिसू लागतो. एकाच्या नावाने आपण धान्य मागतो आणि तो परत यावा असे म्हणतो. दुसऱ्याकडे सोने आहे, धान्य नाही, आणि तो वर येऊ नये याची काळजी घेऊन आपण चोरपावलांनी खाली जातो. त्यासाठी लागणारी बाहुली मात्र त्याच कणकेची.

चित्रपटात मला खटकणाऱ्या जागाही आहेत. सुरुवातीला गांधीजींच्या नावावर चालणारे गरज आणि हाव यांविषयीचे वचन झळकते. ज्या कलाकृतीत इतका नेमका, न बोलता बोचणारा विनोद आहे तिने प्रेक्षकाच्या हाती आधीच तात्पर्य कशाला ठेवावे? शेवटही मला पुरता पटलेला नाही. बाप सर्वनाश होऊन लंगोट पुढे करतो, मुलगा तो नाकारतो आणि बापाला जाळतो. पावणेदोन तासांच्या चित्रपटात हा मुलगा बापापेक्षा चलाख आणि जास्त हावरा दाखवला आहे. त्याचे मन त्या एका क्षणात का पालटावे याची तयारी फारशी झालेली नाही. विनोदाच्या अंगाने पाहिले तर त्याने लंगोट घ्यायला हवा होता. आणि बायका. विनायकाची आई (ज्योती मालशे) हे पात्र पहिल्या प्रकरणात इतके दमदार आहे की ती गेल्यावर चित्रपटातली बाईमाणसांची जागा रिकामी पडते. अनिता दाते यांच्यासारखी कसदार नटी बायकोच्या भूमिकेत आहे, पण तिला दिलेले काम नवऱ्याच्या परतीची वाट पाहण्याच्या फार पलीकडे जात नाही.

चित्रपट कोणाचा, हा प्रश्नही टाळू नये. दिग्दर्शक म्हणून बर्वे, सर्जनशील दिग्दर्शक म्हणून आनंद गांधी, सहदिग्दर्शक म्हणून आदेश प्रसाद अशी नावे श्रेयनामावलीत आहेत. लेखनात या तिघांबरोबर मितेश शाह आहेत. छायालेखक पंकज कुमार यांच्या मंद, कंदिली उजेडाशिवाय या चित्रपटाची कल्पना करता येत नाही, आणि फिल्मफेअर मिळाले तेही छायालेखन, कलादिग्दर्शन आणि ध्वनी यांना. एकट्या कलावंताची प्रतिभा वगैरे भाषा इथे सांभाळून वापरावी. तरीही 'मांजा' आणि 'तुंबाड' एकापाठोपाठ पाहिले तर एक हात ओळखू येतो. दोन्हींत लहान मुलाला मोठ्यांचा गलिच्छ व्यवहार फार लवकर कळतो, आणि कळल्यावर तो रडत बसत नाही, कामाला लागतो.

हे सगळे हिंदीत घडले. कोकणातला वाडा, पुण्याचे बिऱ्हाड, धारप, पेंडसे, ज्योती मालशे, अनिता दाते, दामले, शीर्षकगीताला अजय-अतुल, आणि साखळदंडातली म्हातारी बोलते हिंदी. पैशाचे गणित उघड आहे, त्याबद्दल बर्वे यांना दोष देण्यात अर्थ नाही. पण मराठी चित्रपटाने स्वतःला प्रश्न विचारावा. रत्नाकर मतकरी आणि धारप यांच्या कथा वाचून दोन पिढ्या रात्री दिवा चालू ठेवून झोपल्या. त्या कथांमधली भीती पडद्यावर आणायची वेळ आली तेव्हा आपण बहुतेकदा भुताला धोतर नेसवून नाचवले. 'झपाटलेला'चे यश हे त्याचे कारण आहे असे म्हणणे कोठारे यांच्यावर अन्याय होईल. त्यांनी एक दार उघडले. तेच एक दार आहे असे बाकीच्यांनी ठरवून टाकले.

पहिल्या वेळी 'तुंबाड'ला गर्दी झाली नव्हती. लोकांनी तो नंतर घरी, मोबाइलवर पाहिला, एकमेकांना सांगितला, आणि १३ सप्टेंबर २०२४ला तो पुन्हा चित्रपटगृहांत लागला तेव्हा त्याने पहिल्या खेपेपेक्षा जास्त गल्ला जमवला. त्याच सुमारास 'तुंबाड २'ची घोषणा झाली. ती सोहम शाह यांची, बर्वे त्यात नाहीत. राज आणि डीके यांच्याबरोबरच्या 'गुलकंदा टेल्स' आणि 'रक्त ब्रह्मांड' या मालिकांशी बर्वे यांचे नाव जोडले गेले. जावेद जाफरी यांना घेऊन केलेल्या 'मायासभा'त पुन्हा एक मोडकळीला आलेली वास्तू आहे, या वेळी वाड्याऐवजी जुने चित्रपटगृह. स्वतः बर्वे यांनी 'तुंबाड' हा एका त्रयीचा पहिला भाग असल्याचे सांगितले आहे. हावेपासून निघून पुरुषसत्तेतून बाईच्या उठावाकडे जाणारी ही त्रयी आहे. आईच्या पात्रानंतर रिकामी पडलेली जी जागा मला खटकली, ती कदाचित पुढच्या भागांसाठी राखून ठेवली असेल. त्या भागांची नावे 'पहाडपांगिरा' आणि 'पक्षितीर्थ'. ते अजून व्हायचे आहेत, आणि कोणत्या भाषेत होतील ते पैसे कोण घालतो यावर ठरेल.